ध्रुवावरची पुस्तके आणि हजेरीपटावरची माणसे



आजच्या व्याख्यानाचा विषय पत्रिकेत वाचून काही मंडळींना नवल वाटले असेल. युनियनचा माणूस बोलायला उभा राहिला म्हणजे बोनस, महागाईभत्ता आणि कामाचे तास ह्यांच्यापलीकडे तो जाणार नाही, असा एक समज आहे. तो अगदीच खोटा नाही. आज दक्षिण ध्रुवाबद्दल बोलायचे म्हणून मी उभा आहे, पण थोड्या वेळात पगाराच्या गोष्टीवर येईन, हे आधीच सांगून ठेवतो.

विसाव्या शतकाच्या पहिल्या वीसपंचवीस वर्षांत युरोपात आणि अमेरिकेत एका प्रकारच्या पुस्तकांना फार मोठा वाचक मिळाला. शास्त्र, शोध आणि प्रवास ह्यांची ती पुस्तके. नान्सेनचे ‘फार्देस्ट नॉर्थ’ 1897 मध्ये निघाले आणि त्याने वाट पाडून दिली. पुढे शॅकल्टनचे ‘द हार्ट ऑफ द अंटार्क्टिक’ 1909 साली, पिअरीचे ‘द नॉर्थ पोल’ 1910 साली, ॲमंडसेनचे ‘द साउथ पोल’ 1912 साली, स्कॉटची रोजनिशी 1913 साली, शॅकल्टनचेच ‘साउथ’ 1919 साली आणि चेरी-गॅरार्डचे ‘द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड’ 1922 साली. जाडजूड ग्रंथ, छायाचित्रे, घडीचे नकाशे. माझे शिक्षण शाळेत फार झाले नाही. इंग्रजी मी डिक्शनरी मांडीवर घेऊन शिकलो, आणि ती डिक्शनरी ज्या पुस्तकांनी झिजवली त्यांत ही पुस्तके होती. म्हणून त्यांच्याविषयी मी जे थोडे कडू बोलणार आहे ते परक्याचे नव्हे, घरच्या माणसाचे समजावे.

पहिली गोष्ट अशी की, ही पुस्तके प्रवासानंतर सुचलेली नव्हती. पुष्कळदा ती प्रवासाच्या आधी विकलेली होती. बोट विकत घ्यायची, कुत्री घ्यायची, दोनतीन वर्षांचा शिधा भरायचा तर पैसा लागतो. तो देणगीदारांकडून आणि सरकारकडून मिळे, आणि उरलेला वर्तमानपत्राला बातमीचे हक्क, प्रकाशकाला पुस्तकाचे हक्क, पुढे सिनेमाचे हक्क विकून उभा राही. पुस्तक हे मोहिमेचे भांडवल होते. मग भांडवलाला जपणे आले. मोहिमेवर निघणाऱ्या माणसाकडून लिहून घेत की, ठरलेल्या मुदतीपर्यंत तू काही छापणार नाहीस. ॲमंडसेनच्या मोहिमेत तर लोकांच्या रोजनिशा नेत्याच्या स्वाधीन करायच्या, असा नियम होता. स्वयंपाकी, आगवाला, सुतार, खलाशी ह्यांच्यापैकी कोणाच्या मनात काही सांगायचे असले तरी जगाने आधी नायकाचे ऐकायचे.

आणि नायकाचे म्हणजे तरी कोणाचे? ‘साउथ’ हे पुस्तक शॅकल्टनने तोंडी सांगितले आणि एडवर्ड सॉन्डर्स नावाच्या न्यूझीलंडच्या पत्रकाराने ते लिहून काढले. ‘हार्ट ऑफ द अंटार्क्टिक’च्या मागेही हाच माणूस होता. ह्यात लबाडी होती असे मी म्हणत नाही. शॅकल्टनची जीभ सोन्याची होती आणि सॉन्डर्सची लेखणी चांगली होती, दोघांचे जमले. परंतु वेष्टनावर एकच नाव आले.

आता त्याच पुस्तकातली एक हकीकत घेऊ. हिच्यावर मी आज सर्वांत जास्त वेळ घालवणार आहे.

‘एन्ड्युरन्स’ हे शॅकल्टनचे जहाज 5 डिसेंबर 1914 रोजी साउथ जॉर्जिया बेटावरून दक्षिणेकडे निघाले. बरोबर तो धरून अठ्ठावीस माणसे. जानेवारी 1915 मध्ये वेडेल समुद्राच्या बर्फात ते अडकले आणि दहा महिने अडकून राहिले. बर्फाच्या दाबाने फळ्या फुटू लागल्या तेव्हा 27 ऑक्टोबर रोजी सगळे खाली उतरले, आणि 21 नोव्हेंबरला जहाज बुडाले. माणसे, तीन होड्या आणि तंबू तरंगत्या बर्फावर राहिले. जवळची जमीन शेकडो मैल दूर.

ह्या अठ्ठावीस जणांत हॅरी मॅक्निश हा सुतार होता. स्कॉटलंडच्या पोर्ट ग्लासगोचा, 1874 चा जन्म, म्हणजे बहुतेकांहून वयाने मोठा. तिरसट, तोंडाचा फटकळ, आणि हातात कसब असलेला. कारखान्यात असा एक माणूस प्रत्येक खात्यात असतो. फोरमनला तो नकोसा असतो आणि यंत्र बंद पडले की त्यालाच बोलावतात.

डिसेंबरच्या अखेरीस शॅकल्टनने ठरवले की, होड्या ओढत पश्चिमेकडे चालत जायचे. 23 तारखेला चाल सुरू झाली. ऊन पडले की बर्फ भुसभुशीत होई, गुडघ्याएवढे पाय रुतत, म्हणून रात्रीचे चालायचे. पाचेक दिवसांनी मॅक्निश थांबला आणि म्हणाला, मी पुढे येणार नाही. त्याचे म्हणणे दोन भागांत होते. एक सुताराचे: अशा उंचसखल बर्फावरून ओढल्या तर होड्यांच्या फळ्या निखळतील, आणि पुढे पाण्यात घालायची वेळ येईल तेव्हा त्या कामाच्या राहणार नाहीत. दुसरे कामगाराचे: जहाज बुडाले, तेव्हा आमचा करार संपला, करार संपला म्हणजे पगार थांबला, पगार थांबला तर हुकूम कसला?

सभ्य गृहस्थहो, हे वाक्य मी पहिल्यांदा वाचले तेव्हा पुस्तक मिटून काही वेळ बसून राहिलो. तरंगत्या बर्फावर, भोवती माणूस नाही, कोर्ट नाही, आणि हा मनुष्य कराराचे कलम काढतो! काहींना हा वेडेपणा वाटेल. पण कायदा त्याच्या बाजूचा होता. 1894 च्या ब्रिटिश मर्चंट शिपिंग ॲक्टप्रमाणे जहाज बुडाले की खलाशाची नोकरी त्या क्षणी संपे आणि पगार त्या दिवसापर्यंतच मिळे. 1912 च्या एप्रिलमध्ये ‘टायटॅनिक’ बुडाले तेव्हा वाचलेल्या नोकरवर्गाचा पगारही जहाज बुडाल्याच्या घटकेला थांबला होता. आपला जीव वाचवण्यासाठी होडीत वल्ही मारली तो वेळ बिनपगारी. मालकाचे जहाज गेले तर त्याला विम्याचा आधार असे. खलाशाचे कपडे, हत्यारे आणि रोजी गेली तर त्याला काही नाही. हा कायदा ज्याने खाल्ला आहे तो मनुष्य त्याच कायद्याचा उलटा अर्थ मालकाला ऐकवणार नाही तर काय करील?

शॅकल्टनचे उत्तरही तयार होते. त्याने सर्वांना जमवले आणि करारपत्र मोठ्याने वाचून दाखवले. नेहमीच्या करारात नसलेले एक कलम ह्या करारात घातलेले होते: जहाजावर, होड्यांत किंवा किनाऱ्यावर, जे काम सांगितले जाईल ते करावे लागेल. आता हा तरंगता बर्फ म्हणजे किनारा काय, असा प्रश्न कोणीही वकील विचारील. खाली हजारो फूट पाणी! पण त्या दिवशी तिथे वकील एकच होता आणि न्यायाधीशही तोच होता. मॅक्निश एकटा पडला आणि पुन्हा दोरीला लागला.

एक गोष्ट मात्र लक्षात घ्यावी. ह्यानंतर दोनच दिवसांत ती चाल सोडून द्यावी लागली. आठवड्याभरात सरळ रेषेत दहा मैलही झाले नव्हते. होड्या ओढू नका असे सुताराने सांगितले होते ते बंडखोरी म्हणून नामंजूर झाले आणि परिस्थिती म्हणून मंजूर झाले. वाटाघाटींच्या मेजावर बसलेल्यांना ही तऱ्हा परिचयाची असेल.

‘साउथ’ ह्या पुस्तकात त्या चालीचे वर्णन आहे. ह्या तंट्याचे नाही. तो कळतो दुसऱ्यांच्या नोंदींवरून.

पुढे एप्रिल 1916 मध्ये बर्फ फुटला आणि सगळे होड्यांतून एलिफंट बेटावर पोचले. तिथे राहून कोणी शोधायला येण्याची आशा नव्हती. तेव्हा शॅकल्टनने ठरवले की ‘जेम्स केअर्ड’ ही सुमारे बावीस फुटांची होडी घेऊन आठशे सागरी मैलांवरच्या साउथ जॉर्जियाला जायचे. जगातला सर्वांत खवळलेला समुद्र, आणि उघडी होडी. तिला समुद्रात टिकेल अशी करायची कोणी? मॅक्निशने. तिच्या कडा त्याने आधीच बर्फावर असताना उंच केल्या होत्या. आता स्लेजच्या धावपट्ट्या, खोक्यांची झाकणे आणि गोठून लाकूड झालेले कॅनव्हास ह्यांचे त्याने वर छप्पर घातले. फटी बुजवायला दिव्याच्या वाती, त्यांवर मोहिमेतल्या चित्रकाराचे तैलरंग आणि सीलचे रक्त. 24 एप्रिलला होडी निघाली, 10 मेला साउथ जॉर्जियाला लागली. सहा माणसांत मॅक्निश होताच. ह्या सहांत त्याला घेण्याचे एक कारण त्याचे कसब आणि दुसरे, मागे राहणाऱ्यांत तो कटकट करील ही भीती, असे सांगतात. दोन्ही खरी असतील. होडी बेटाच्या चुकीच्या बाजूला लागली होती, म्हणून शॅकल्टन, वर्स्ली आणि क्रीन डोंगर ओलांडून गेले. त्यांच्या बुटांच्या तळव्यांना बर्फावर पकड मिळावी म्हणून मॅक्निशने होडीचे स्क्रू काढून ठोकून दिले. एलिफंट बेटावरच्या बावीस जणांना चिलीच्या ‘येल्चो’ ह्या बोटीने 30 ऑगस्ट 1916 रोजी सोडवले. त्या अठ्ठावीस जणांपैकी एकही मेला नाही. शॅकल्टनचे हे मोठेपण मी काढून घेत नाही. घेता येणारही नाही. दुसऱ्या टोकाला, रॉस समुद्राकडून त्याच्यासाठी शिधा ठेवायला गेलेल्या तुकडीतले तीन जण मात्र गेले.

मग पदके आली. अठ्ठावीसपैकी चार जणांची नावे पोलर मेडलसाठी शॅकल्टनने पाठवली नाहीत. मॅक्निश, व्हिन्सेंट, होल्नेस आणि स्टीफन्सन. चौघेही जहाजाच्या खालच्या वर्गातले. ब्लॅकबॉरो नावाचा एक पोरगा चोरून जहाजावर चढला होता, त्याला पदक मिळाले. मी त्याच्या पदकाला हरकत घेत नाही. त्याच्या पायाची बोटे हिमदंशाने कापावी लागली, त्याने ते कमावले. पण चोरून आलेल्याला पदक आणि होडी बांधणाऱ्याला नाही, हा हिशेब मला तीस वर्षे जुळलेला नाही. जहाजावरचे डॉक्टर मॅक्लिन ह्यांनीही पुढे हा सुतारावर अन्याय झाल्याचे स्पष्ट म्हटले आहे. मॅक्लिन अधिकारीवर्गातले, त्यांचे म्हणणे युनियनचे म्हणून बाजूला सारता येणार नाही.

मॅक्निशचा स्वतःचा राग पदकावर नव्हता, म्हणतात. त्याची एक मांजर जहाजावर होती, तिला खलाशी ‘मिसेस चिपी’ म्हणत. वस्तुतः तो बोका होता. जहाज सोडल्यावर शिधा पुरणार नाही म्हणून शॅकल्टनने तिला आणि काही पिल्लांना गोळी घालायला लावली. ते त्याने कधी माफ केले नाही. म्हातारपणी तो न्यूझीलंडमध्ये वेलिंग्टनला होता. हात जायबंदी, काम नाही, गोदीतल्या शेडमध्ये ताडपत्रीखाली झोपे. गोदी कामगार दर महिन्याला वर्गणी काढून त्याला देत. शेवटी अनाथांच्या घरात जागा मिळाली. 1930 साली तो वारला. आरमारी इतमामाने पुरला, पण थडग्यावर दगड बसला तो 1959 साली, आणि 2004 मध्ये त्यावर त्या बोक्याचा काशाचा पुतळा बसवला. ‘एन्ड्युरन्स’ जहाज 2022 च्या मार्चमध्ये वेडेल समुद्राच्या तळाशी, तीन हजार आठ मीटरवर, जवळजवळ जसेच्या तसे सापडले.

इथे कायद्याचे एक शेपूट जोडतो. 1920 साली जिनोआ येथे आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने जहाज बुडाल्यावर खलाशाला बेकारीची भरपाई द्यावी असा ठराव केला. पगाराच्या दराने, निदान दोन महिन्यांपर्यंत. इंग्लंडने 1925 साली तो कायद्यात घातला. हा ठराव मॅक्निशमुळे झाला असे मी मुळीच म्हणत नाही. महायुद्धात हजारो जहाजे बुडाली होती, त्याचे ते फळ. पण बर्फावर त्याने काढलेला प्रश्न वेड्याचा नव्हता एवढे त्यावरून दिसते. आपल्या कोकणातल्या आणि गोव्यातल्या हजारो घरांतली माणसे ह्याच ब्रिटिश बोटींवर आगवाले, सारंग, भंडारी म्हणून गेली. त्यांच्या घरच्यांना ह्या कलमाचा अर्थ व्याख्यानातून सांगावा लागत नसे.

जाता जाता: ‘धोक्याच्या प्रवासासाठी माणसे पाहिजेत, पगार कमी, थंडी कडाक्याची’ अशा अर्थाची शॅकल्टनची एक जाहिरात फार प्रसिद्ध आहे. व्यवस्थापनशास्त्राच्या वर्गांत ती आवडीने शिकवतात. त्या काळच्या कोणत्याही वर्तमानपत्रात ती आजवर सापडलेली नाही. ती दिसते 1940 नंतरच्या पुस्तकांत. कमी पगारात माणसे धावत येतात, ही गोष्ट कोणाला ऐकायला गोड लागते, ते तुम्हीच ताडा.

नॉर्वेकडे वळू. नान्सेनबरोबर 1895 मध्ये 86 अंश 14 मिनिटे उत्तरेपर्यंत जो दुसरा माणूस गेला तो याल्मार जोहान्सन. ‘फ्राम’ जहाजावर दुसरी जागा नव्हती म्हणून हा मनुष्य आगवाल्याची नोकरी पत्करून चढला होता. दोघे एका झोपण्याच्या पिशवीत झोपले, फ्रान्झ जोसेफ बेटांवर दगड आणि वॉलरसच्या कातड्याच्या झोपडीत त्यांनी एक अख्खा हिवाळा काढला, आणि एवढे होऊनही एकमेकांना अहोजाहो करत. अस्वलाच्या पंजाखाली पडलेला असतानाही जोहान्सनने ‘अहो’ म्हणूनच नान्सेनला हाक मारली, अशी गोष्ट सांगतात. अरेतुरेवर ते आले 1896 चा नववर्षदिन उगवताना, आणि तेही नान्सेनने सुचवल्यावर.

हाच जोहान्सन पुढे ॲमंडसेनबरोबर दक्षिणेला गेला. 8 सप्टेंबर 1911 रोजी ॲमंडसेन घाईने निघाला. थंडी उणे पन्नासच्या खाली गेली आणि सर्वांना परतावे लागले. परतताना ॲमंडसेन पुढे निघून गेला. प्रेस्ट्रुड हा तरुण अधिकारी पाय गोठून मागे पडला. जोहान्सनने त्याला सांभाळून मध्यरात्रीनंतर तळावर आणला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी सर्वांदेखत नेत्याला सुनावले की, हे पुढारीपण नव्हे. त्याला ध्रुवाच्या तुकडीतून काढले आणि त्याच प्रेस्ट्रुडच्या हाताखाली दुसरीकडे पाठवले. 14 डिसेंबर 1911 ला पाच जण ध्रुवावर पोचले, त्यांत तो नव्हता. जानेवारी 1913 मध्ये त्याने स्वतःला गोळी घातली. ॲमंडसेनचे पुस्तक मोठे हसतमुख आहे, कुत्र्यांची तर त्यात सुंदर वर्णने आहेत. त्या सकाळचे भांडण त्यात नाही.

अमेरिकेचे उदाहरण वेगळे आहे, कारण तिथे हाताखालच्या माणसाने स्वतः पुस्तक लिहिले. मॅथ्यू हेन्सन हा निग्रो मनुष्य 1887 पासून पिअरीबरोबर होता. आरंभी खाजगी नोकर म्हणून, पुढे स्लेज बांधणारा, कुत्री हाकणारा, एस्किमोंची भाषा बोलणारा. 6 एप्रिल 1909 रोजी पिअरीने उत्तर ध्रुव गाठला असे जाहीर केले (तो खरोखर पोचला का, ह्याबद्दल आज गंभीर शंका घेतात), तेव्हा त्याच्याबरोबर हेन्सन आणि चार एस्किमो होते: ऊटा, एगिंग्वा, सीग्लू आणि ऊक्विया. गोरा दुसरा कोणी नव्हता. पिअरीने आपल्या पुस्तकात हेन्सनची तारीफ केली, आणि लगेच पुढे लिहिले की गोऱ्या साथीदारांसारखे साहस त्याच्या वंशात नाही. हेन्सनचे ‘अ नीग्रो एक्सप्लोरर ॲट द नॉर्थ पोल’ 1912 साली निघाले. प्रस्तावना पिअरीची, परिचय बुकर टी. वॉशिंग्टनचा. पुढे त्याने न्यूयॉर्कच्या कस्टम हाउसमध्ये साधी नोकरी केली. 1955 साली वारला. 1988 मध्ये त्याचे अवशेष आर्लिंग्टनला, पिअरीच्या शेजारी नेऊन पुरले.

आता स्कॉट. त्याची कथा तुम्हांला ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. ध्रुवावर पाच जण गेले, पाचही परतताना मेले. त्यांतला कॅप्टन ओट्स आपल्या महूच्या छावणीतून आलेला. बॉवर्स रॉयल इंडियन मरीनमधला. आणि 12 नोव्हेंबर 1912 रोजी ज्या तुकडीला त्यांचा तंबू सापडला तिच्याबरोबर हिंदुस्थानातून आणलेली खेचरे होती. लालखान, गुलाब, बेगम, राणी, प्यारी अशी त्यांची नावे. इंग्रजी पुस्तकात बर्फावर ही नावे भेटतात तेव्हा गंमत वाटते.

पाचांत अधिकारी नसलेला एकच, पेटी ऑफिसर एडगर इव्हान्स. वेल्सचा, सर्वांत धिप्पाड, आणि सर्वांत आधी 17 फेब्रुवारी 1912 ला मेला. स्लेज दुरुस्त करताना त्याचा हात कापला होता, ती जखम भरली नाही. शिवाय शिधा सर्वांना समान आणि शरीर मोठे. रोज ओढण्यात जेवढे खर्च होई त्याहून अन्न कमीच. 1913 साली मात्र काही लोकांनी असे सुचवले की, शिक्षण नसलेला माणूस मनाने आधी खचला आणि इतरांना त्याच्यामुळे उशीर झाला. मेलेला माणूस खुलासा कसा देणार? स्कॉटच्या तळावरच्या झोपडीत अधिकारी आणि खलाशी ह्यांच्यामध्ये खोक्यांची भिंत होती. ती भिंत वृत्तपत्रांतही उभी राहिली.

चेरी-गॅरार्ड हा जमीनदारघराण्यातला, चष्म्याशिवाय न दिसणारा तरुण त्याच मोहिमेत होता. 1911 च्या ऐन हिवाळ्यात, अखंड काळोखात, तो दोघांबरोबर पेंग्विनची अंडी आणायला गेला आणि तीन अंडी घेऊन आला. उष्णमान उणे साठ सेल्सियसपर्यंत उतरले होते. त्या प्रवासावरून त्याने पुस्तकाला नाव दिले. ह्या सगळ्या पुस्तकांत मला ते सर्वांत मोठे वाटते, आणि त्याचे एक कारण असे की, त्याने विल्यम लॅश्ली ह्या आगवाल्याची रोजनिशी मिळवली आणि तिचे लांबच लांब उतारे त्याच्याच भाषेत छापले. 4 जानेवारी 1912 ला ध्रुवापासून दीडशे मैलांवरून परत पाठवलेले तिघे: लेफ्टनंट इव्हान्स, लॅश्ली आणि आयर्लंडचा टॉम क्रीन. वाटेत इव्हान्स स्कर्व्हीने लुळा पडला. मला टाकून जा, असा त्याने हुकूम दिला. तो दोघांनी मोडला आणि त्याला स्लेजवर घालून ओढले. पुढे तेही जमेना, तेव्हा 18 फेब्रुवारीला लॅश्ली त्याच्यापाशी थांबला आणि क्रीन एकटा निघाला. पस्तीस मैल. खिशात तीन बिस्किटे आणि चॉकलेटच्या दोन वड्या. अठरा तासांनी तो तळावर पोचला आणि अर्ध्या तासात वादळ सुटले. लॅश्लीच्या नोंदीत ह्याबद्दल मोठा शब्द नाही. आज किती मैल, किती बिस्किटे उरली, साहेबांचे पाय कसे आहेत, एवढेच. पाळी संपल्यावर यंत्राच्या वहीत लिहावे तसे.

इव्हान्स वाचला, ॲडमिरल झाला, लॉर्ड झाला. त्याने 1921 साली ‘साउथ विथ स्कॉट’ लिहिले आणि दोघांचे ऋण त्यात मान्य केले. दोघांना ॲल्बर्ट मेडल मिळाले. क्रीनने पुस्तक लिहिले नाही. शॅकल्टनबरोबर डोंगर ओलांडून गेला तो क्रीन हाच. तो केरी परगण्यात ॲनास्कॉल गावी परतला, तिथे त्याने एक दारूचा गुत्ता काढला, त्याला ‘साउथ पोल इन’ नाव दिले, आणि 1938 साली मरेपर्यंत त्या प्रवासांविषयी घरच्यांपाशीही तो फारसे बोलला नाही.